मोठ्या आवाजाच्या मुली



बऱ्याच दिवसांनी लिहायला बसले आहे. मध्ये डोळ्याचं ऑपरेशन झालं, मग उन्हाळा आला. आमच्या मूर्तिजापूरच्या उन्हाळ्यात माणूस कूलरसमोर नुसता बसू शकतो, लिहिणं वगैरे काही होत नाही. असो.

आजचा विषय पाहून आमची नातेवाईक मंडळी म्हणतील, हिला या वयात हे काय सुचलं! विषय आहे ऑपेरात गाणाऱ्या एका बाईंचा. मी मराठी माध्यमातून बी.ए. झालेली, जन्मभर मराठी आणि इतिहास शिकवलेली बाई. गाणं म्हणजे माझ्यासाठी रेडिओवरची नाट्यगीतं, गणपतीतल्या आरत्या आणि एकादशीचं भजन. पण पुण्याला शिकणारी माझी नात सुट्टीत आली होती. तिने मोबाईलवर काहीतरी लावलं आणि म्हणाली, "आजी, ही बाई मुंबईची आहे, ऐक."

ऐकलं. खरं सांगते, पहिल्यांदा हसू आलं. इतका वर चढलेला आवाज, शब्द एकही कळेना. शेजारच्या वहिनी भिंतीपलीकडून विचारत्या झाल्या, "काहो बाई, कोन रडून रायलं?" आम्ही आजी-नात पोट धरून हसलो.

रात्री मात्र झोप येईना. नातीने ती कानात घालायची बोंडं दिली होती, ती घालून पुन्हा ऐकलं. आणि यावेळी हसू आलं नाही. उलट एक जुनी गोष्ट आठवली आणि मनाला लागून राहिली. ती शेवटी सांगते, आधी या बाईंविषयी.

त्यांचं नाव पॅट्रिशिया रोझारिओ. जन्म १९६० चा, मुंबईचा. तरुणपणी त्या लंडनच्या गिल्डहॉल या संगीत-नाट्य विद्यालयात शिकायला गेल्या, तिथलं सुवर्णपदक मिळवलं, मॅगी टेट पारितोषिकही मिळवलं आणि पुढे तिथेच गायिका म्हणून उभ्या राहिल्या. त्यांच्या आवाजाच्या जातीला 'सोप्रानो' म्हणतात. बायकांच्या आवाजातली ही सगळ्यात उंच पट्टी. आपल्या पेटीवर मधल्या पांढरी एकपासून वरची दोन सप्तकं आणि कधी त्याच्याही पुढे, असा साधारण त्यांचा पल्ला.

आता ऑपेरा म्हणजे काय? आपल्याला समजायला फार कठीण नाही, कारण आपल्याकडे संगीत नाटक होतं. ३१ ऑक्टोबर १८८० ला पुण्यात अण्णासाहेब किर्लोस्करांनी 'शाकुंतल' रंगभूमीवर आणलं आणि महाराष्ट्राला वेड लावलं. फरक इतकाच की आपल्या नाटकात गद्य संवाद आणि मधेमधे पदं, तर ऑपेरात बहुतेक सगळंच गाऊन. भांडायचं ते गाऊन, मरायचं तेही गाऊन. आणि गंमत म्हणजे आपली शकुंतला तिकडेही पोहोचली आहे. फ्रान्को अल्फानो नावाच्या इटालियन संगीतकाराने तिच्यावर ऑपेरा लिहिला, १९२१ साली बोलोन्या शहरात तो झाला. आमच्या मूर्तिजापूरकरांची 'शकुंतला' वेगळी. ती यवतमाळ-मूर्तिजापूर-अचलपूर धावणारी आमची छोटी रेल्वे, आता बंद पडलेली. तिची शिट्टी ऐकलेल्या माणसाला उंच पट्टीचं भय वाटण्याचं खरं तर कारण नाही!

पण ऑपेरातली जी गोष्ट मला सगळ्यात विशेष वाटली ती ही की गाणाऱ्यापुढे माईक नसतो. समोर साठ-सत्तर वाद्यांचा ताफा, हजार-दोन हजार माणसांचं थिएटर, आणि एका बाईचा उघडा गळा शेवटच्या रांगेपर्यंत जातो. कसा? मला वाटत होतं ओरडून. तसं नाही. ओरडलं तर गळा महिन्याभरात बसेल. नातीने समजावलं ते माझ्या भाषेत सांगते. इतक्या वाद्यांचा मुख्य जोर खालच्या आणि मधल्या पट्टीत असतो, सेकंदाला सुमारे ५०० कंपनांच्या आसपास. शिकलेला गळा आपली ताकद त्याच्या बऱ्याच वर, ३००० कंपनांच्या जवळपास गोळा करतो. तिथे वाद्यांची गर्दी कमी, म्हणून आवाज त्यांच्यातून वाट काढून बाहेर येतो. अगदी उंच स्वरांना तर गायिका जबडा आणि तोंडाची पोकळी त्या स्वराला जुळेल अशी उघडते, आणि तीच पोकळी आवाज मोठा करते. आपल्या तंबोऱ्याचा भोपळा करतो तसं. श्वास पोटातून, छाती मोकळी, मान सैल. हे सगळं अंगवळणी पडायला वर्षानुवर्षं लागतात. असा आवाज पुरता पिकायला माणूस तिशीला येतो म्हणे.

म्हणजे मोठा आवाज देवाने दिला तरी तो वापरायचा कसा हे कुणीतरी शिकवावं लागतं. रोझारिओबाईंना ते शिकायला लंडन गाठावं लागलं.

तिथे त्यांचं काय झालं ते थोडक्यात सांगते. जॉन टॅव्हनर हे इंग्लंडचे मोठे संगीतकार. १९९७ साली प्रिन्सेस डायनाच्या अंत्यसंस्कारात शेवटी जे समूहगान झालं ते त्यांचं. या टॅव्हनरसाहेबांनी रोझारिओबाईंचा आवाज डोळ्यासमोर ठेवून (की कानासमोर म्हणू?) तीसहून अधिक रचना केल्या. विचार करा, एका संगीतकाराने एका गळ्यासाठी तीस-तीस रचना करायच्या! १९९२ मध्ये ऑल्डबरा इथल्या उत्सवात त्यांचा 'मेरी ऑफ इजिप्त' हा ऑपेरा झाला, त्यात मेरीची भूमिका रोझारिओबाईंची. मेरी ही देहविक्रय करणारी बाई, पुढे सगळं सोडून वाळवंटात जाते आणि संत होते. मला लगेच आपली कान्होपात्रा आठवली. गणिकेच्या घरची मुलगी, विठ्ठलाच्या पायाशी गेलेली. तिच्यावर आपल्याकडेही संगीत नाटक झालं, १९३१ साली, आणि ती भूमिका बालगंधर्वांनी केली. दोन्हीकडे गोष्ट तीच, फक्त आपल्याकडे ती बाई पुरुषाने गायली. या मुद्द्याकडे मी पुन्हा येणार आहे.

२००३ साली लंडनच्या टेंपल चर्चमध्ये टॅव्हनर यांची एक रचना झाली, ती रात्रभर चालली, सुमारे सात तास. रोझारिओबाई त्यात गायल्या. हे वाचून मला ती मंडळी एकदम जवळची वाटली. रात्रभर देवाचं नाव घेत जागणं आम्हा वऱ्हाडातल्या माणसांना काय नवीन! गाडगेबाबांचं बालपण याच मूर्तिजापूर तालुक्यात, दापुऱ्याला मामाकडे गेलं. कीर्तनासाठी माणसं बैलगाड्या जुंपून येत असं माझे वडील सांगायचे.

२००१ मध्ये ब्रिटिश सरकारने रोझारिओबाईंना 'ओबीई' हा किताब दिला. त्या लंडनच्या रॉयल कॉलेज ऑफ म्युझिकमध्ये शिकवू लागल्या. इथपर्यंतची गोष्ट आपल्या ओळखीची आहे. हुशार मूल परदेशी जातं, नाव काढतं, आपण वर्तमानपत्रात कात्रण कापून ठेवतो आणि म्हणतो, 'बघा, आपली हो!' त्यात आपला वाटा किती, हे कुणी विचारत नाही.

पण मला लिहायला बसवलं ते त्याच्या पुढच्या गोष्टीने. २००९ मध्ये या बाईंनी आणि त्यांचे पती, पियानोवादक मार्क ट्रूप यांनी 'गिव्हिंग व्हॉइस टू इंडिया' हे काम सुरू केलं. म्हणजे भारताला आवाज देणं. दोघं इथे यायचे, निरनिराळ्या शहरांत तरुण मुलामुलींना ऐकायचे आणि तो गळा कसा वापरायचा ते शिकवायचे. एकदा येऊन भाषण देऊन, हार घेऊन गेले असं नाही. पुन्हा पुन्हा आले. आपल्याला तरुणपणी जे इथे मिळालं नाही, ते पुढच्यांना इथे मिळावं म्हणून.

मी जन्मभर शिक्षिका होते, म्हणून मला या बाईंच्या सुवर्णपदकापेक्षा आणि किताबापेक्षा हे मोठं वाटतं. मोठं होऊन निघून जाणारे खूप पाहिले. माझ्याच वर्गातले किती तरी पुण्या-मुंबईला, अमेरिकेला गेले, फोन करतात, आनंद आहे. पण आपण जिथे अडखळलो होतो त्या जागी परत येऊन उभं राहायचं आणि पुढच्याला म्हणायचं, 'इथे पाय जपून टाक', हे फार थोड्यांना जमतं.

आणखी एक प्रसंग. मुंबईत गिरगावाजवळ रॉयल ऑपेरा हाऊस आहे. १९११ मध्ये पंचम जॉर्ज बादशहाच्या हस्ते उद्घाटन झालेलं. नावाला ऑपेरा हाऊस, पण तिथे आपले बालगंधर्व गायले, मास्टर दीनानाथ गायले. पुढे तिथे सिनेमे लागू लागले, आणि १९९३ मध्ये ते बंद पडलं. तेवीस वर्षं कुलूप. दुरुस्ती होऊन ऑक्टोबर २०१६ मध्ये ते पुन्हा उघडलं, तेव्हा गायला कोण होतं? रोझारिओबाई. ज्या मुंबईत जन्मल्या, तिथल्याच रंगमंचावर.

मी ते वाचून बराच वेळ बसून राहिले. त्या रंगमंचावर एके काळी बायकांची पदं बालगंधर्व म्हणत. १९०५ मध्ये ते किर्लोस्कर मंडळीत आले ते शकुंतला होऊनच. त्यांच्या गाण्याबद्दल मी काय बोलावं, माझ्या वडिलांचे तर ते दैवत होते. पण इतिहासाची शिक्षिका म्हणून एवढं नोंदवते की आपल्या रंगभूमीवर कितीतरी वर्षं बाईचा आवाज हा पुरुषाने काढलेला होता. खऱ्या बाईने तिथे उभं राहून गाणं घरंदाज समजलं जात नव्हतं. हिराबाई बडोदेकरांसारख्या बायांनी ते धाडस केलं तेव्हा कुठे ती वाट मोकळी झाली. त्यानंतर माईक आला, सिनेमा आला आणि बाईचा आवाज गोड, बारीक, हळुवार असावा हे आपल्या कानांनी पक्कं ठरवून टाकलं. लताबाईंना यात दोष देत नाही, त्यांच्यासारख्या त्याच. दोष आपल्या कानांचा आहे. एक गोडवा आवडला म्हणून दुसऱ्या सगळ्या आवाजांना आपण 'किंचाळणं' म्हणू लागलो.

आता ती जुनी गोष्ट.

ऐंशीच्या दशकातली आहे. आमच्या शाळेत एक मुलगी होती, सातवीत. शकुंतलेच्या वाटेवरच्या एका खेड्यातून गाडीने यायची. घरी कोरडवाहू शेती. ज्वारी हुरड्यावर आली की शाळेला दांडी मारून शेतातल्या माळ्यावर उभी राहायची, पाखरं हाकलायला. दिवसभर मोकळ्या रानात आवाज देऊन देऊन तिचा गळा असा तयार झाला होता की प्रार्थनेत चारशे मुलांमधून तिचा एकटीचा आवाज ओळखू यायचा. सुरात असायची हो! अगदी सुरात. फक्त मोठी.

त्या वर्षी समूहगान स्पर्धा होती. शाळेला गाण्याचे शिक्षक नव्हतेच. माझ्या साऱ्या नोकरीत मी ज्या शाळांत शिकवलं तिथे एकदाही नव्हते. ज्याला मराठी शिकवता येतं त्याला गाणंही बसवता येतं अशी समजूत, म्हणून ते काम माझ्याकडे. मी दहा मुली निवडल्या, त्यात ती. पण तालमीत बाकी नऊ जणी तिच्या आवाजाखाली दबून जायच्या. मी आधी तिला मागे उभं केलं. मग म्हटलं, "हळू म्हण." तिला हळू म्हणता येईना, हळू म्हटलं की सूर जायचा. आज कळतं की ते कुणीतरी शिकवावं लागतं. मला स्वतःलाच येत नव्हतं, मी काय शिकवणार? स्पर्धेच्या आदल्या दिवशी मी तिला म्हटलं, "हे बघ, तू उद्या फक्त ओठ हलव."

तिने मान हलवली. दुसऱ्या दिवशी तिने फक्त ओठ हलवले. आमचा दुसरा नंबर आला. मी सगळ्यांना पेढे दिले, तिलाही दिला.

त्यानंतर प्रार्थनेत तो आवाज आला नाही. माझ्या लक्षातही आलं नाही, हे जास्त वाईट. मला वाटलं, पोरगी शहाणी झाली.

निवृत्तीनंतर काही वर्षांनी शुक्रवारी बाजारात एक बाई वाकून पाया पडली. कडेवर नातवंड होतं. मी ओळखलं नाही, तिने ओळख दिली. घरचं, शेतीचं विचारून झालं. मी सहज म्हटलं, "अगं, तुझा आवाज किती मोठा होता! गातेस का आता भजनात वगैरे?" ती हसली. म्हणाली, "नाई बाई. तुमी म्हनलं होतं ना ओठच हलव म्हनून. तवापासून ओठच हलवतो."

तिच्या बोलण्यात राग नव्हता. तिने ती गंमत म्हणून सांगितली. भाजीची पिशवी हातात घेऊन मी घरी आले आणि यजमानांना काही सांगितलं नाही. आज पहिल्यांदा लिहिते आहे.

ती रोझारिओबाई झाली असती असं मी म्हणत नाही. हजारात एखादीच तशी होते, आणि त्याला मुंबईतलं घर, शिक्षण, संधी, कितीतरी गोष्टी लागतात. पण ती भजनात तरी गायली असती. नातवंडाला झोपवताना गायली असती. माझ्या एका वाक्याने, तेही दुसऱ्या नंबरच्या एका कपासाठी, ते गेलं.

माझे भाऊ हे वाचून म्हणतील, "ताई, तू उगाच मनाला लावून घेतेस. आणि हे ऑपेरा वगैरे शहरातल्या, इंग्रजी शिकलेल्या लोकांचे शौक. आपल्या पोरींना त्याचं काय?" त्यांचं अर्धं बरोबर आहे. मूर्तिजापुरात ऑपेरा व्हावा असं माझं म्हणणं नाही. इथल्या माणसाला तो आवडलाच पाहिजे असंही नाही, मला स्वतःला अजून पुरता आवडत नाही. एका वेळी पंधरा मिनिटांच्या वर ऐकवत नाही.

म्हणणं इतकंच आहे. जगात एका ठिकाणी असं शिक्षण आहे की जिथे मुलीचा आवाज मोठा आहे म्हटल्यावर तिला पुढे उभं करतात, आणि त्या मोठेपणाचं काय करायचं ते शिकवतात. आपल्याकडे तिला मागे उभं करतात. गाण्यातच कशाला, बोलण्यातही. 'पोरीच्या जातीनं हळू बोलावं' हे मी ऐकत मोठी झाले आणि तेच मी शिकवत आले, पुस्तकात नसलेला धडा म्हणून. 'आवाज ही देवाची देणगी' असं म्हणून आपण हात झटकतो. देणगी देवाने दिली हो, पण ती कुणीतरी ऐकावी लागते. रोझारिओबाई लंडनहून इथे येऊन तेच तर करत होत्या, ऐकत होत्या.

आणि शाळेत गाण्याचा तास हवा, त्याला गाणं येणारं माणूस हवं, हे मी आज सत्तरी ओलांडल्यावर ठासून सांगते. नोकरीत असताना सांगायला हवं होतं. तेव्हा मला तो मोकळा तास वाटायचा, गणिताच्या सरांना मागून घेता येईल असा.

सध्या रविवारी सकाळी गल्लीतल्या चार-पाच मुली माझ्याकडे मराठी वाचायला येतात. मी ओसरीवर बसते आणि वाचणारीला फाटकाजवळ उभी करते. मला तिथून ऐकू आलं पाहिजे, असा नियम. परवा एकीने इतक्या जोरात वाचलं की शेजारच्या वहिनींनी पुन्हा डोकावून पाहिलं. मी म्हटलं, काही नाही वहिनी, वाचन चालू आहे.

त्या बाजारात भेटलेल्या बाईचं गाव मला माहीत आहे. दिवाळीनंतर तिच्याकडे जाऊन यायचं ठरवलं आहे. गेल्यावर काय बोलायचं ते मात्र अजून ठरत नाही. तुमच्यापैकी कुणावर अशी वेळ आली असेल तर कळवा. आणि तुमच्या घरात, नात्यात मोठ्या आवाजाची एखादी मुलगी असेल, तर कृपा करून तिला हळू बोल म्हणू नका.

बाकी सगळं ठीक. डोळा बरा आहे.